सीडीला हळदकुंकू

नव्वदीच्या दशकात दर रविवारी माझा दोस्त माझ्याकडं यायचा, कारण हेवी मेटलचा एक इंग्रजी अल्बम अख्ख्या पेठेत फक्त माझ्याकडं होता. दुकानातून कॅसेटवर भरून आणलेला. फीत झिजून गिटार पाण्याखालून वाजल्यागत यायची, पण बटण दाबणारा मी होतो ना! "आता ऐक हं, हितं ड्रम येतोय," असं मी सांगायचं आणि त्यानं मान डोलवायची. साताऱ्यात दुसऱ्या कशात मला कोण विचारत होतं?

मग त्याचा मोठा भाऊ फौजेतून सुट्टीवर आला, तो कँटीनमधला सीडी प्लेअर घेऊनच. सोबत सीडी एकच, आणि तीही माझ्याच अल्बमची. असं पोटात दुखायला लागलं की त्यांच्या घरी दिलेला पेढा मी हातात तसाच धरून बसलो.

दोस्ताच्या आईनं नव्या यंत्राची पूजा केली. नारळ फोडला, हळदकुंकू वाहिलं, मग सीडी हातात घेतली. एका बाजूला कवटीचं चित्र, दुसरी बाजू नुसती लख्ख. "ह्या भुताला कोण कुकू लावतंय?" म्हणत काकूंनी लख्ख बाजूवर ठसठशीत बोटं टेकवली.

झालं! पहिल्याच गाण्यात यंत्र टकटक करत एका जागी अडकलं. दोस्ताचा चेहरा पडला. माझ्या मनात मात्र उकळ्या फुटत होत्या. "बिघडलं वाटतं," मी लगेच म्हणालो.

त्याचे वडील रिटायर्ड सुभेदार. ते शांतपणे उठले, मऊ फडक्यानं सीडी पुसली आणि परत आत घातली.

आणि मग जे वाजलं! ओळ सुरू करायच्या आधी गायकानं घेतलेला श्वाससुद्धा ऐकू आला. डावीकडं एक गिटार, उजवीकडं दुसरी. इतके दिवस मी एकच समजत होतो. डोळ्यांत पाणी आलं. आनंदानं आलं की जळून, कोण जाणे. जळूनच.

दोस्तानं माझ्या मांडीवर थाप मारली. "लय भारी हाय गड्या! आता ती कॅसेट कशाला? रविवारी तूच येत जा हिकडं."

"बघू, जमलं तर," मी म्हणालो.

रविवारी चहासुद्धा न घेता त्याच्या घराकडं निघालो, आणि रस्ताभर सायकलवरून त्याला शिव्या घालत गेलो.