न झालेला सत्यनारायण

अंबरनाथच्या त्या क्लबमधला सत्यनारायण अजून माझ्या डोक्यातून जात नाही. चोऱ्या, मारामाऱ्या पुष्कळ हाताळल्या, पण देवाची पूजा झाली की नाही याची चौकशी वर्दीत करायची वेळ एकदाच आली.

क्लब खासगी. बॅडमिंटन, पत्ते, संध्याकाळचा चहा. अध्यक्षांचा आनंदनगरला कारखाना. क्लबचं मैदान लग्नकार्याला द्यायचं त्यांच्या मनात होतं, आणि एक जुने संस्थापक सभासद, क्लबमधले सगळ्यांचे आजोबा, आडवे आले. त्यांना काढायचं ठरलं, तेव्हा ते कोर्टात गेले. कोर्टानं बजावलं, पुढच्या तारखेपर्यंत सभा घ्यायची नाही, कुणाला काढायचं नाही.

तरी एका रविवारी सगळे हॉलमध्ये जमले आणि सोमवारी गेटवर वॉचमननं आजोबांना अडवलं. "साब, आपका नाम कट गया." आजोबांनी न्यायालयाच्या अवमानाचा अर्ज केला. कमिटीनं प्रतिज्ञापत्र दिलं की रविवारी सत्यनारायण होता, सभा नव्हतीच, आणि वॉचमनचा गैरसमज झाला. कोर्टानं आमच्या पोलीस ठाण्याकडून अहवाल मागवला.

आजोबा जबाब द्यायला ठाण्यात आले. बायको गेलेली, मुलं परदेशात. म्हणाले, "मला कुणाला जेलमध्ये घालायचं नाही हो. माझी संध्याकाळ तेवढी परत द्या." मला फार वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी ठाण्यात एक फोन आला. नाव सांगायला तयार नाही, पण आवाज सभ्य. "साहेब, त्या पूजेत आरतीला हात जोडले नाहीत, ठरावाला वर केले," एवढं बोलून त्यानं फोन ठेवला.

कमिटीवाल्यांना एकेकटं बोलावून जबाब घेतले. यजमान कोण? अध्यक्ष. प्रसाद काय? शिरा. कसा होता? छान. सगळ्यांची तीच पोपटपंची. तिथंच माझी खात्री पटली. चार माणसं एका पंगतीतून उठली की जेवणाबद्दल पाच मतं सांगतात. इथं शिऱ्याला नाव ठेवणारा एकही मराठी माणूस निघू नये? पण खात्री म्हणजे पुरावा नव्हे.

सत्यनारायणाला यजमान जोडीनं बसतो. म्हणून अध्यक्षांच्या पत्नीचा जबाब घ्यायचं ठरवलं. बाईमाणसाला जबाबासाठी ठाण्यात बोलवायचं नाही हा नियम, तेव्हा महिला शिपायाला घेऊन त्यांच्या घरी गेलो. समोर देवघर, समई लावलेली. मी विचारलं, "वहिनी, त्या दिवशी पूजेला तुम्ही बसला होतात ना?"

"बसलो होतो की दोघं," अध्यक्षच बोलले. मी त्यांना गप्प बसायला सांगितलं.

वहिनींनी देवघराकडे बघितलं. मग म्हणाल्या, "साहेब, सत्यनारायणाच्या नावानं खोटं माझ्याच्यानं नाही बोलवणार. पूजा झालीच नाही."

अध्यक्ष ताडकन उठले. "अगं, मी आत जाईन, कळतंय का तुला?"

"कळतंय, म्हणूनच सांगते. माफी मागा. मी येते कोर्टात तुमच्याबरोबर."

आणि खरंच आल्या. कोर्टानं अध्यक्षांना चांगलंच फैलावर घेतलं. त्यांनी बिनशर्त माफी मागितली, मान खाली घालून. तुरुंग टळला. रविवारचे सगळे ठराव रद्द झाले आणि आजोबांचं सभासदत्व कायम राहिलं.

मी त्यातून एवढंच शिकलो की स्टॅम्पपेपरवर खोट्याखाली बिनदिक्कत सही करणाऱ्याच्या घरातही एखादी अशी जागा असते, जिथं खोटं चालत नाही. तपास करणाऱ्यानं आवाज चढवण्यापेक्षा ती जागा शोधावी.

पुढे वहिनींनी त्याच हॉलमध्ये सत्यनारायण घातला आणि मलाही बोलावलं. अध्यक्ष सोवळं नेसून बसले होते. प्रसादाचा पहिला द्रोण त्यांनी उठून स्वतः आजोबांच्या हातात दिला. आजोबांनी शिरा तोंडात टाकला, सावकाश चावला आणि म्हणाले, "साखर जरा जास्तच झालीय."

म्हटलं, चला, या वेळी पूजा झाली.