काळं रीळ

सातपूरच्या कारखान्यात ड्रॉइंग ऑफिसमध्ये आमची टेबलं शेजारी होती. माझा मित्र आणि मी दिवसभर गिअरचे, नटबोल्टचे नकाशे काढायचो. सत्तरच्या दशकाच्या शेवटी एका रविवारी सकाळी फिल्म सोसायटीने शाळेच्या हॉलमध्ये एक जपानी कार्टूनपट दाखवला. आधी एका प्राध्यापकांनी दिग्दर्शकाची माहिती सांगितली. या माणसाने चित्रं हलवली, नटांना घेऊन सिनेमे केले, माहितीपट केले, मुलांसाठी मालिका केल्या. एका जागी थांबलाच नाही.

बाहेर पडताना मित्र म्हणाला, "बघ, एकाच माणसाला एवढं सगळं करता येतं. आणि आपण?"

त्याने ठरवलं, स्वतःचं छोटं कार्टून करायचं आणि ते जोडून पुण्याच्या सिनेमाच्या शाळेत अर्ज टाकायचा. वयाच्या अटीमुळे त्याच्या हातात दोनच वर्षं होती. गोदावरीवरून उडणाऱ्या एका बगळ्याची शेकडो चित्रं त्याने ट्रेसिंग पेपरवर काढली. दीड वर्ष गेलं. लग्नाचं शूटिंग करणाऱ्या ओळखीच्या फोटोग्राफरने कॅमेरा दिला. रीळ मी भरलं. तो एकेक कागद बदलायचा, मी बटण दाबायचो.

मुंबईहून रीळ धुऊन आलं. फोटोग्राफरच्या दुकानात पडदा लावला. पडदा काळाच राहिला, अगदी शेवटपर्यंत.

"रीळ कॅमेऱ्याच्या दात्यांत बसलंच नव्हतं," फोटोग्राफर म्हणाला. "जागचं हललंच नाही. भरलं कोणी?"

त्याने माझ्याकडे पाहिलं; मी पडद्याची दोरी सोडवू लागलो.

"मीच," तो म्हणाला.

रस्त्यात मी म्हटलं, "पुन्हा काढू."

"आता लग्नसराई. कॅमेरा कुठून मिळणार? अर्जाला आठ दिवस उरलेत."

"चूक माझी होती रे."

"माहीत आहे मला. तू बोलशील म्हणून थांबलो होतो तिथे."

सोमवारी तो बगळ्याचे सगळे कागद ऑफिसात घेऊन आला आणि कच्च्या नकाशांसाठी त्यांच्या पाठी वापरू लागला. मी अडवलं नाही. कुठल्या तोंडाने अडवणार? गिअरच्या दात्यांखाली पंख दिसायचे. ते कागद संपायला पावसाळा उजाडला.

पुढे आम्ही नऊ वर्षं शेजारी बसलो. डबा एकत्र खाल्ला, संपात एकत्र घरी बसलो. सिनेमाचा विषय त्याने कधी काढला नाही. मला तर तो काढायचा हक्कच उरला नव्हता.