सिनेमाची घागर

रत्नाक्का गेल्याचा फोन आला तेव्हा मी डेअरीत दुधाची फॅट तपासत होते. तिची मुलगी मुंबईहून बोलत होती. मी ऐकून घेतलं, दारातल्या बायकांचं दूध मोजून संपवलं आणि मग एसटी धरली. अक्कानंही हेच केलं असतं.

ती माझी चुलतबहीण, घाटनांदूरजवळच्या आमच्याच वस्तीतली. मुंबईच्या एका स्टुडिओत कपडेपटाच्या किल्ल्या सांभाळायला लागली आणि चढत चढत तिथली मुख्य व्यवस्थापक झाली. त्या खुर्चीवर बसलेली पहिली बाई. "बाईमाणूस हिरोला वेळेवर आणील का?" असं कुणीतरी विचारलं, तेव्हा ती म्हणाली होती, "मी ऊसतोडीच्या गावची हाय. मुकादमाच्या आधी माणसं उठवायची सवय हाय मला."

खुर्चीवर बसल्यावरचा पहिला मोठा सिनेमा तिनं आमच्या गावात आणला, तोही दुष्काळाच्या वर्षी. भेगाळलेली जमीन आयती होती आणि गावातल्या बायांना काम मिळत होतं. मुक्कामाला आमच्या महिला दूध संस्थेचं आवार घेतलं. चाऱ्याअभावी दूध आटलेलं, आवार रिकामंच होतं. सिनेमाचा शेवट मात्र पावसाचा... त्यासाठी लांबून टँकर येणार होते. मला ते पटलं नव्हतं आणि मी तसं बोललेही.

"मालकांनी सांगितलंय," पावसाच्या शूटिंगच्या दिवशी सकाळी ती म्हणाली, "आज पाऊस पडला न्हाई तर खुर्ची सोडायची." हिरो दुसऱ्या दिवशी परत जाणार होता.

नेमका त्याच सकाळी गावाचा सरकारी टँकर आला नाही. बायकांनी रोजच्यासारखी भांडी रस्त्याकडेला नंबराला लावली होती आणि त्या लिंबाखाली बसल्या होत्या. सेट सजवणाऱ्या माणसाला ती सिनेमाचीच मांडणी वाटली. त्यानं पितळी घागरी पुढं घेतल्या, प्लास्टिकचे हंडे मागं लपवले, मध्ये आपली तांब्याच्या रंगानं रंगवलेली पत्र्याची घागर ठेवली आणि लांब जाऊन समाधानानं पाहिलं.

तेवढ्यात सिनेमाचे टँकर आले. बायका धावल्या, तर नंबर मोडलेला.

"माजा हंडा कुटं गेला गं? मी पयली व्हते!"

"पयली म्हणं! पितळ पुढं हाय, दिसंना का?"

"पितळेला काय जास्त तहान लागती?"

"तुमच्या वस्तीचं मागंच असतंय," मागून कुणीतरी म्हणालं.

अक्काच्या आईनं विहिरीच्या काठाशी, दुसऱ्या कुणी पाणी ओतायची वाट बघत, दुपारी काढल्या होत्या. टँकरच्या पाण्याला नंबर लावायची पद्धत आली तेव्हा कुठं आमच्या वस्तीचं भांडं पहिलं लागायला लागलं होतं.

मग एकीनं टँकरचा पाइप धरला, दुसरीनं दगड उचलला. दिग्दर्शक ओरडत होता, "मॅडम, उजेड चाललाय! पोलीस बोलवा!" अक्का टँकरच्या पायरीवर चढली. मला वाटलं, आता ही पोलीसच बोलावते...

"आपापलं भांडं उचला," ती म्हणाली. "तुमच्या पुढं कोण व्हतं, तेवढंच सांगायचं. आपला नंबर सांगायचा न्हाई."

कुरकुरत, एकमेकींना टोमणे मारत रांग जुळली. सगळ्यात पुढं निघाली आमच्या वस्तीची सोजरमावशी, निळा प्लास्टिकचा हंडा घेऊन.

"सोड पाणी," अक्का ड्रायव्हरला म्हणाली.

"आणि माझा पाऊस?" दिग्दर्शकानं विचारलं.

"पडतोय की. लावा कॅमेरा."

त्यानं लावला नाही.

अक्काची खुर्ची गेली. पुढं दुसऱ्या एका स्टुडिओनं तिला बोलावलं आणि निवृत्तीपर्यंत तिनं तोही चालवला, पण मधल्या रिकाम्या काळाबद्दल ती बोलायची नाही. मी एकदाच विचारलं, "कावून केलंस गं?" तर म्हणाली, "लावलेला नंबर मोडायचा नसतो." आणि चहा मागितला.

त्या दिवशी शेवटी पत्र्याची घागर तेवढी उरली होती. "रांगेत हाय ना? भरा," अक्का म्हणाली. गळेल म्हणून सेटवाला हळहळत राहिला. ती घागर इथंच राहिली, डेअरीच्या दाराशी. रंग केव्हाच उडाला. बुडातून थेंब सुटतो, म्हणून खाली परात ठेवते. दूध घालायला येणारी प्रत्येक बाई आधी तिच्यातलं पाणी पिते.

मुंबईहून परतले तेव्हा घागर कोरडी होती. भरली, खाली परात सरकवली आणि नंबरातल्या पहिल्या बाईचं दूध मोजायला घेतलं.