विहिरीकडची जमीन

आमची आत्या दिराविरुद्ध कचेरीत उभी राहायची, तेव्हाही डोक्यावर पदर घेऊन त्याला 'भाऊजी' म्हणायची. तिचा वकील गालात हसायचा. तिला त्यात हसण्यासारखं काही वाटत नसे. लग्न होऊन ती टहरौलीजवळच्या त्या गावात गेली, तेव्हा हा दीर स्वतःच्या हातानं जेवतही नव्हता. सासू लवकर गेली. त्याला न्हाऊमाखू घालणं, शाळेत धाडणं, पुढे त्याचं लग्न लावून देणं, सगळं आत्यानं केलं. तिला स्वतःला मूल नव्हतं. नातं बिघडलं म्हणून हाक कशाला बिघडवायची, असं ती म्हणे.

यजमान गेल्यावर ती शहरात, खंडेराव गेटला आमच्या घरी राहायला आली, पण जमीन तिनं सोडली नाही. दिराबरोबर निम्मा हिस्सा तिच्या नावावर होता. पेरणीला आणि कापणीला ती टहरौलीची बस पकडून जायचीच. घरात आमच्याशी आमच्या आजीच्या वळणाचं मराठी बोलणारी ही बाई बसमध्ये चढली की अस्सल बुंदेली बोलू लागे. येताना शेतातच भाजलेला हिरवा हरभरा पदरात बांधून आणायची आणि वाटताना न चुकता सांगायची, "विहिरीकडचा आहे." शेताला विहीर एकच होती, आणि तिच्या भोवतीची काळी जमीन सगळ्यात चांगली.

मग त्या गावात चकबंदी निघाली. प्रत्येकाचे इकडेतिकडे विखुरलेले तुकडे एकत्र करून त्याला एकाच ठिकाणी सलग जमीन द्यायची, असं ते काम. त्या सलग जमिनीला चक म्हणतात. दिरानं निरोप पाठवला की वहिनींनी उन्हातान्हात येऊ नये, मी सगळं बघतो. आत्या गेली नाही. ज्याला वाढवलं त्याच्यावर नजर ठेवायला जायचं, हे तिच्या मनातच आलं नाही.

पेरणीला गेली, तेव्हा विहिरीभोवती तारेचं कुंपण होतं. विहीर, काळी जमीन, रस्त्याकडची बाजू, सगळं दिराच्या चकात गेलं होतं. आत्याचा चक पार नाल्याकडे, खडे आणि रेती, पाणी न धरणारा. तिनं विचारलं तर दीर म्हणाला, "वहिनी, तुम्हाला तर माझ्यापेक्षा जास्त जमीन मिळालीय." ते खरंच होतं. हलकी जमीन दिली की क्षेत्र वाढवून देतात. "खडे जास्त मिळाले," असं म्हणून आत्या पाणीही न पिता परतीच्या बसमध्ये बसली.

त्यानंतर ती लढली. मी तिला स्कूटरवरून चकबंदीच्या कचेरीत न्यायचो. ती तिथं बाकावर बसत नसे आणि रडत तर कधीच नसे. बाकीच्या बायका साहेबांपुढे डोळ्यांना पदर लावायच्या. वकिलानं तिलाही तसं सुचवलं. ती म्हणाली, "माझं आहे ते मागतेय. रडायचं कशाला?"

एका तारखेला दिरानं साहेबांना सांगितलं की वहिनी शहरात राहतात, शेतीतलं त्यांना काही कळत नाही, माहेरच्यांनी त्यांना भरीला घातलंय. माहेरचे म्हणजे मी. परतताना आत्यानं लक्ष्मी गेटपाशी स्कूटर थांबवायला लावली, भाजीवाल्याशी घासाघीस करून वांगी घेतली आणि पिशवी माझ्या हातात देताना एवढंच म्हणाली, "बोलायला त्याला मीच शिकवलं."

अपिलात शेवटी साहेबांनी मान्य केलं की हिच्यावर अन्याय झालाय. पण तोवर दिरानं विहिरीवर मोटार बसवली होती, शेजारी घर बांधलं होतं. ते हलवणं कठीण, असं साहेब म्हणाले, आणि त्यांनी दुसरा तोडगा काढला. शेजारचा काळ्या जमिनीचा चक गुलाबरानी नावाच्या विधवेचा होता. तो आत्याला द्यायचा आणि आत्याचा नाल्याकडचा चक गुलाबरानीला. तिलाही त्या दिवशी बोलावलं होतं. दारापाशी उकिडवी बसलेली ती बाई आत्याकडे बघून, आमची जमीन घेऊ नका म्हणून विनवत म्हणाली, "जिज्जी, हमाई जमीन ने लो."

आत्या साहेबांना म्हणाली, "साहब, मुझे अपने देवर से चाहिए. इससे नहीं."

"देवर वाला नहीं हो पाएगा, माताजी."

"तो रहने दीजिए."

वकील चिडला. मीही बाहेर येऊन तिला समजावलं की ही संधी पुन्हा यायची नाही. ती स्कूटरजवळ जाऊन उभी राहिली. अपील निकालात निघालं आणि खडे तिच्याकडेच राहिले.

पुढे काही वर्षांनी गुलाबरानीनं तो चक विकला, आणि घेतला तो आत्याच्या दिरानंच. मी संतापून ही बातमी घेऊन घरी आलो. आत्या तांदूळ निवडत होती. "तिची होती, तिनं विकली," म्हणाली. हात थांबले नाहीत. पण त्यानंतर ती टहरौलीला कधी गेली नाही. नाल्याकडची जमीन पडीकच राहिली.

आत्या वारली त्याच्या आधीच्या थंडीत दीर आमच्या घरी आला, नातवाच्या लग्नाची पत्रिका घेऊन. केस पिकले होते, गुडघे दुखत होते. आत्यानं स्वतः उठून चहा केला. तो पुढ्यात ठेवल्यावर त्याच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तो म्हणाला, "वहिनी, मला माफ करा."

"जमीन परत करता का?" आत्यानं विचारलं.

त्यानं पत्रिका तिच्यापुढे सरकवली.

"मग चहा घ्या, भाऊजी. निवतोय."

त्यानं चहा घेतला. निघताना तो तिच्या पाया पडला. तिनं पाय मागे घेतले नाहीत आणि आशीर्वादही दिला नाही. लग्नाला ती गेली नाही.

ती गेली तेव्हा खांदा द्यायला तो सगळ्यांच्या पुढे होता. रडत होता, आणि ते रडणं खोटं होतं असं मला आजही म्हणता येत नाही. वाटेत गल्लीतले लोक थांबून हात जोडत होते आणि एकमेकांना सांगत होते, देवर हो तो ऐसा.