उलट्या दर्याची पोथी

माझ्या आयुष्यातला सगळ्यात मोठा गाढवपणा मी नववीत असताना केला. तो कुणी माझ्या गळ्यात मारला नाही, बाईंपाशी हट्ट धरून मीच मागून घेतला. जिची फजिती करायला मी गोष्ट लिहिली, तिच्याच हाती ती सुवाच्य अक्षरात उतरवायला दिली.

ती म्हणजे आमच्या अंधेरीच्या चाळीतली, भिंतीला भिंत लागून राहणारी माझ्याच वर्गातली मुलगी. वडील गिरणीत, गाव मालवणकडचं. तिची आई गॅलरीत सुकट वाळत घालायची, माझी आई त्याच गॅलरीत पापड. मुंबई कुणाची यावरून तेव्हा मोठी माणसं रस्त्यावर भांडत होती. आमच्याकडे गॅलरी कुणाची हेच ठरत नव्हतं. ती वर्गात आली की मी नाकाला रुमाल लावायचे. एकदा तिने माझ्या दप्तरात मूठभर सुकट ओतली. मी बाईंना सांगितलं. तिने छड्या खाल्ल्या आणि हात चोळत माझ्याकडे बघून हसली. त्या हसण्याने मला अन्न गोड लागेना.

शाळेचं दरवर्षी हस्तलिखित निघायचं. मुलींच्या गोष्टी-कविता टाकाने लिहायच्या, चित्रं काढायची, पानं शिवून पुठ्ठा घालायचा. प्रत एकच. ती गॅदरिंगला पाहुण्यांनी फीत कापून उघडायची आणि त्यातली एक गोष्ट तिथल्या तिथे स्टेजवर वाचली जायची. त्या वर्षी माझी निवडली. मग काय, मी जमिनीच्या चार बोटं वरूनच चालत होते.

गोष्ट अशी. वेसाव्याच्या किनाऱ्यावरून पलीकडे मढ दिसतं, त्याच्याही मागे उलटा दर्या. तिथे लाटा आभाळातून खाली लोंबतात, मासे पावसासारखे वर पडतात. आणि तिथली पोथी वाचल्याशिवाय भरती येत नाही. शेवाळाच्या पानांवर माकुळ माशाने सोडलेल्या शाईने लिहिलेली पोथी. तिच्यात लिहावं ते दर्यात खरं होतं. आणि पोथी लिहिणाऱ्याची नाही बरं का, जो उतरवून घेईल त्याची! हा नियम सुचला तेव्हा मी आरशात जाऊन स्वतःला बघून आले होते. पोथीवर एक दुष्ट खेकडीण बसलेली. पाय फेंगडे, वेण्यांतून तेल ठिबकतंय, अंगाला सुकटीचा वास. कोण ते अख्ख्या शाळेला कळलं असतं. फक्त बाईंना कळलं नाही, त्यांनी ऱ्हस्वदीर्घ तेवढे सुधारले.

माझं अक्षर कोंबडीने उकिरडा उकरल्यासारखं. शाळेत देखणं अक्षर तिचं. "बाई, माझी गोष्ट तिलाच द्या ना लिहायला," मी लाडात येऊन म्हटलं. तिच्याच हाताने तिचीच निंदा, तीही वळणदार! मला रात्री झोप येईना आनंदाने.

मधल्या सुट्टीत मी तिच्याभोवती घिरट्या घालायचे, डोळ्यांत पाणी येतंय का बघायला. ती कोपराने पान झाकायची.

"सरक. शाई ओली आहे."

"खेकडिणीचं वाचलंस ना नीट?"

"वाचलं." तिने टाक दौतीत बुडवला. "तो पोथीचा नियम तसाच ठेवायचा ना गं? उतरवून घेईल त्याची?"

"तो तर गोष्टीचा कणा आहे! त्याला हात लावायचा नाही," मी फणकारले. केवढी ती लेखिका!

गॅदरिंगला दुसऱ्या रांगेत माझे आईबाबा बसले होते, शेवटच्या बाकावर तिची आई. फीत कापली गेली, हस्तलिखित माझ्या हातात आलं. उलटा दर्या झोकात झाला. खेकडीण आली तशी मी मान वर केली. विंगेत बाईंजवळ ती उभी होती, तिचा चेहरा पडताना मला बघायचा होता. त्यामुळे अर्धं लक्ष कागदावर, आणि तोंड आपलं पुढे धावतंय: "खेकडिणीच्या पुढच्या दोन दातांत फट होती. ती बोलली की शिट्टी वाजे. 'समुद्रातल्या सगळ्या सुंदर सुरमयांनो, सरका, सरका!' असं ती सारखी सांगे."

माझ्या पुढच्या दोन दातांत तेव्हा चांगली खिडकी होती. प्रत्येक 'स'ला माझ्याच तोंडून शिट्टी वाजली.

सभागृहात असा हशा उसळला की पाहुण्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. बाईंना वाटलं मी अभिनय करतेय. "वाच, वाच, छान रंगतंय!" त्या विंगेतून म्हणाल्या. वाचलं मी. शेवटपर्यंत, शिट्ट्यांसकट. खेकडिणीला दर्यातून हाकललं तेव्हा माझ्या बाबांनीही टाळ्या पिटल्या. त्या मुलीबद्दल मला आजही माया नाही. वर्ष सरेपर्यंत सगळी शाळा मला खेकडीण म्हणत होती, ते काय मी विसरेन?

पडद्यामागे मी तिची वेणी धरली. हात तेलाने माखला. "चोरटी! माझी गोष्ट बिघडवलीस!" मी हमसून रडत होते, आणि त्यातही शिट्टी वाजत होती. तिने शांतपणे वेणी सोडवून घेतली, आणि शाळेत कधी न बोललेल्या तिच्या घरच्या बोलीत म्हणाली, "जो उतरून घेता त्येची पोथी, म्हणान तूच लिवलंस मां? मगे आता रडतंस कित्याक? पोथी माझी, खेकडीण तुझी."