लिफ्ट थांबली की

भाची दुन्याने मिलुंकामावशीवर छोटा चित्रपट केला. त्यात मावशी स्वयंपाकघरात बसून हिवाळ्याच्या चटणीसाठी भाजलेल्या ढोबळ्या मिरच्या सोलते, एवढंच. तरी सभागृहात लोक अस्वस्थ होऊन चुळबुळले, कारण बाहेर लिफ्ट थांबली की दर वेळी तिचा हात थबकत होता. मिलुंकाला ते पडद्यावरच पहिल्यांदा दिसलं.

शेजारीण देसांका बाहेर येताच म्हणाली, "भांडून जर्मनीला गेलेला लेक काय लिफ्टमधून उगवणार आहे? फोन कर की!"

"लहानांनी मोठ्यांना आधी करायचा असतो," मिलुंका म्हणाली.

"मग बस सोलत!"

घरी येताच मिलुंकाने कोटही न काढता फोन लावला. "ओग्नेन, मी बोलतेय."

पलीकडून तो म्हणाला, "आई, जेवलीस का?"