'करिता'चा शिक्का

आमच्या घरात सहीला फार मान. आजोबांनी जन्मभर अंगठाच लावला आणि त्या निळ्या अंगठ्याचा राग त्यांनी आम्हा दोघी बहिणींकडून सुलेखन गिरवून घेण्यात काढला. त्यामुळे बुटीबोरीच्या कंपनीनं ताईला, साध्या अकाउंट्सच्या बाईला, चेकवर सही करायचा अधिकार दिला, तेव्हा आईनं बेसा भागातल्या आमच्या सोसायटीभर पेढे वाटले. मीही दोन खाल्ले. पगार वाढला का, हे कुणी विचारलं नाही. नव्हता वाढला.

अधिकारासोबत रबरी शिक्का मिळाला. वर 'करिता', मग कंपनीचं नाव, खाली 'अधिकृत स्वाक्षरीकर्ता'. मधल्या रिकाम्या जागेत ताईची सही. "वर करिता हाये ना, म्हणजे सही माही, पण चेक कंपनीचा," तिनं मला समजावलं. अधिकार तरी केवढा! ऑफिसच्या कूलरच्या वाळ्याच्या ताट्या बदलायच्या तरी मालकाला फोन लावून विचारावं लागायचं.

त्याच कंपनीच्या बाहेरगावच्या कामगारांना डबे पुरवणाऱ्या एक मावशी माझ्याकडे आल्या. मी कामगारांच्या प्रश्नांवर पत्रकं लिहिते, म्हणून आल्या. बरेच महिने पैसे थकवून कंपनीनं त्यांच्या हातावर एक चेक टेकवला होता आणि तो बँकेतून परत आला होता. माझं डोकं फिरलं. चेकच्या झेरॉक्सवर मी रक्कम पाहिली, सोबतचा बँकेचा शेरा पाहिला आणि पत्रक लिहून काढलं: 'जेवू घालणारीला खोटा चेक! सही करणाऱ्याला सोडू नका!' मावशींना वकीलही मीच गाठून दिला.

घरी येऊन ताईला म्हटलं, "तुह्या मालकाले आता दाखवते मी."

ताई पोळ्या लाटत होती. "दाखव वं. खात्यात पैसे नाही म्हणून मी सांगून सांगून थकली. पैसे येऊन राहिले, चेक देऊन टाक, एवढंच म्हणते तो."

मग नोटिसा निघाल्या. कंपनीला, मालकाला, त्याच्यासोबत संचालक असलेल्या मेव्हण्याला. आणि ताईला.

ताई तिच्यासाठी केलेल्या दुसऱ्या वकिलाला चेकच्या झेरॉक्सवरचा शिक्काच दाखवत राहिली. "करिता लिहिलं हाये ना वर!"

"ताई, करितानं कंपनी अडकते. तुम्ही सुटत नाही," तो म्हणाला. "सही ज्याची, तो कारभारात होता असंच धरतात."

मालकाच्या बाजूनं उत्तर आलं, की संचालकांचा दैनंदिन कारभाराशी संबंध नाही, तो सही करणाऱ्या बाई पाहत. कूलरच्या ताट्यांचा हिशेब फोनवर घेणारा माणूस! मालक स्वतः सही काहून करत नाही, हा प्रश्न पेढे खाताना पडायला हवा होता. मला, पत्रकं लिहिणारीला, तर नक्कीच.

पैसे कुणी भरले नाहीत, केस कोर्टात गेली. पहिल्या तारखेला मालक आलाच नाही. गैरहजेरी माफीचा अर्ज आला. व्हरांड्यात मावशी ताईसमोर उभ्या राहिल्या.

"मॅडम, ते सही तुमची व्हती काय? मले वाटलं मालकाची."

मग माझ्याकडे वळल्या. पिशवीतून माझंच पत्रक काढलं, चार घड्यांचं. "तूच लिहिलं व्हतं ना वं, सोडू नका म्हणून? आता सांग. मागे घेऊ काय?"

केस मागे घेतली तर मावशींचे पैसे बुडणार आणि मालक हसत सुटणार. नाही घेतली तर ताई आरोपी. नोकरी गेलीच होती, पुढे शिक्षेचीही टांगती तलवार.

ताईच बोलली. "नका घेऊ मावशी. जेवण तं तुम्ही देलंच होतं ना."

आत बाबूनं जामिनाचा कागद पुढे सरकवला. ताईनं सही केली. वळणदार, आजोबांनी गिरवून घेतलेली, खाली सरळ रेघ आणि रेघेच्या टोकाला दोन टिंबं. झेरॉक्सवर हीच होती. मी रक्कम पाहिली होती, शेरा पाहिला होता, ही पाहिली नव्हती.

पाहिली असती तर पत्रक लिहिलं नसतं का? लिहिलं असतं. पण कुणाला सोडू नका, ते वेगळं लिहिलं असतं.